आठ परसांवरचा गेरू

दिवाळी अंकात आपल्या कामाविषयी लिहिणारी माणसं बहुतेक निवृत्त झालेली असतात. मी निवृत्त व्हायचं तर आधी नोकरी लागायला हवी, आणि ती अजून लागलेली नाही. मी बारामतीच्या एका कॉलेजात भूगोल घेऊन एम.ए. करते. आमच्या निरवांगीच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. त्यामुळे संपादकांनी "तुमच्या कामाबद्दल लिहा" असं सांगितलं तेव्हा मी आधी मागं वळून बघितलं, की ते माझ्यामागच्या कुणाला तर म्हणत नाहीत ना.

पण काम मी केलेलं आहे. गेली तीन वर्षं सुट्टी लागली की मी आमच्या सरांच्या प्रकल्पात बारामती आणि इंदापूर तालुक्यांतल्या विहिरी मोजते. या कामाला अजून नीट नाव नाही. कागदावर 'क्षेत्र सहायक' असं लिहितात. गावात "हिरीवाली पोरगी" म्हणतात. मला दुसरं जास्त आवडतं.

काम असं असतं. विहिरीच्या काठावर जायचं. जमिनीची उंची यंत्रानं घ्यायची. वजन बांधलेला टेप आत सोडून खोली आणि पाण्याची पातळी मोजायची. मग आरसा काढायचा. हा आईच्या फणीपेटीतला वीतभर लांब आरसा आहे, आणि माझं सगळ्यात महत्त्वाचं हत्यार तोच. ऊन आरशावर घेऊन विहिरीच्या भिंतीवर पाडायचं आणि वरून खाली हळूहळू सरकवायचं. बॅटरीनं जे दिसत नाही ते या कवडशात लख्ख दिसतं. वर काळी माती, मग मुरूम, मग पांढऱ्या गारांचे ठिपके असलेला मऊ दगड, त्याला आमच्याकडं मांजऱ्या म्हणतात. मग काळा पाषाण. आणि नशीब असेल तर खाली कुठंतरी विटेसारखा लाल पट्टा. त्याला गेरू म्हणतात. प्रत्येक थर किती फुटांवर आहे ते वहीत लिहायचं आणि पुढच्या विहिरीकडं जायचं.

पहिल्या सुट्टीत वडिलांनी, म्हणजे दादांनी, माझी वही उघडून बघितली. पानापानावर विहिरींची चित्रं.

"डोंगर शिकाया धाडली," ते आईला म्हणाले, "आन् ही हिरीत उतरली."

याचं उत्तर मला आता सुचतं. दादा, डोंगर आतून बघायचा तर विहिरीसारखी दुसरी जागा नाही.

शाळेत आम्ही पाठ केलं होतं की भारतातला जागृत ज्वालामुखी अंदमानातल्या बॅरन बेटावर आहे. मी ते लिहून दोन गुण मिळवले आणि ज्वालामुखी ही लांबची, समुद्रापलीकडची गोष्ट आहे असं समजून बसले. कॉलेजच्या पहिल्या वर्षी सर म्हणाले, "सगळ्यांनी पायाखाली बघा." आम्ही बघितलं. फरशी होती. सर म्हणाले, "फरशीच्या खाली लाव्हा आहे. तुमच्या प्रत्येकाच्या घराखाली आहे." सहा-साडेसहा कोटी वर्षांपूर्वी इथली जमीन लांबच लांब भेगांनी फाटली. चित्रातल्यासारखा टोकदार डोंगर झाला नाही. लाव्हा भेगांतून वर आला आणि चुलीवर उतू गेलेल्या दुधासारखा पसरला. तो थंड झाला, मग दुसरा आला, त्याच्यावर तिसरा. सह्याद्री म्हणजे याच थरांची पश्चिमेकडची कापलेली कड. कळसूबाईचं शिखर आणि आमची गोठ्याची फरशी एकाच कुळातली.

मला त्या दिवशी एसटीत बसवेना. बारामतीपासून निरवांगीपर्यंत मी खिडकीतून ऊस बघत होते आणि सारखं वाटत होतं, की हे कुणाला तरी ओरडून सांगावं.

ओरडून सांगायचे परिणाम पुढं कळले. वडगाव निंबाळकरला एका शेतकऱ्याच्या विहिरीवर मी उत्साहानं म्हणाले, "तात्या, तुमची विहीर ज्वालामुखीत आहे." तात्या ताडकन उठले. मी घाईघाईनं कोट्यवधी वर्षांचा हिशेब सांगितला. ते ऐकून घेत होते, पण त्यांची नजर उसावर होती.

"म्हंजी आता फुटायचा न्हाय?"

"नाही तात्या."

"नक्की ना? न्हाय, फुटायचाच आसंल तर फॅक्टरीची तोड येऊन गेल्यावर फुटू दे. लई वाट बघायला लावल्यात औंदा."

त्या दिवसापासून मी 'ज्वालामुखी' हा शब्द चहा झाल्यावरच काढते.

गेरूबद्दल मात्र थोडं जास्त सांगायला हवं, कारण पुढची सगळी गोष्ट त्याच्यावर उभी आहे. लाव्ह्याचा एक थर आला आणि दुसरा यायला फार वेळ लागला, तर मधल्या काळात वरचा दगड झिजतो. त्याची माती होते. मग नवा लाव्हा येऊन त्या मातीवर पसरतो आणि ती भाजून लाल होते. म्हणजे गेरू ही दोन थरांमध्ये दबलेली जुनी जमीन असते. तिच्यावर ऊन पडलं होतं, पाऊस पडला होता. हे मी शंभर वेळा लिहिलं असेल, तरी आरशाचा कवडसा लाल पट्ट्यावर गेला की मी अजून वही बाजूला ठेवून बघत बसते.

शेतकऱ्याला गेरूचं वेगळं महत्त्व आहे. तो चिकणमातीसारखा असतो, पाणी खाली जाऊ देत नाही. वरच्या पाषाणाच्या चिरांतून उतरलेलं पाणी त्याच्यावर येऊन थांबतं आणि आडवं चालू लागतं. म्हणून गेरूच्या डोक्याला विहीर थांबवली तर पाणी मिळायची आशा असते. तो फोडून खाली गेलं, तर पाणीही जातं आणि गेरू हवेनं फुगून सुटतो, भिंत ढासळते. विहीर कुठं थांबवायची हे कळणं, यात अर्धी विहीर आली.

मागच्या उन्हाळ्यात बावड्याजवळ एका ओढ्याच्या दोन्ही बाजूंच्या विहिरी माझ्याकडं होत्या. ओढ्याच्या पश्चिमेच्या विहिरी उघड्या होत्या, त्या मी आरशानं बघून टेपनं मोजल्या. पूर्वेच्या सगळ्या आतून दगडानं बांधून काढलेल्या. भिंतीतला थर दिसेना. पण त्या खोदणारा माणूस गावात होता. सोपानआबा. वय ऐंशीच्या पुढं, कंबरेत वाकलेले, पण आयुष्यात खोदलेली प्रत्येक विहीर त्यांना तोंडपाठ. खाटेवर बसून त्यांनी मला एकेक सांगितली, जशी बाई माहेरची माणसं सांगते.

"वडाजवळची? मुरूम दोन परस, मग मांजऱ्या, मग काळा. गेरू आठ परसांवर. खालच्या अंगाची, सात परसांवर. माळावरची, नऊ."

परस हा शब्द मी घरात ऐकलेला होता. विहिरीची खोली परसात सांगतात. परस म्हणजे पुरुष, एका पुरुषाची उंची. सहा फूट. मी आबांच्या समोरच गुणाकार केला आणि वहीत लिहिलं. सात परस म्हणजे बेचाळीस फूट, आठ म्हणजे अठ्ठेचाळीस, नऊ म्हणजे चोपन्न.

घरी येऊन आलेखाच्या कागदावर काप काढला, म्हणजे जमीन उभी कापली तर थर कसे दिसतील त्याचं चित्र. पश्चिमेचा गेरू सरळ रेषेत येत होता, आणि ओढ्याशी येऊन एकदम दहा ते तेरा फूट वर चढत होता. पायरीसारखा. मी तीन वेळा मोजलं. मग कागदापासून लांब जाऊन उभी राहिले. जमीन तुटून एक बाजू वर सरकली की थर असेच तुटलेले दिसतात. त्याला प्रस्तरभंग म्हणतात. आमच्या नकाशावर त्या ओढ्याखाली असली रेघ नव्हती. ती मला सापडली होती! त्या दिवशी आई भाकरी थापत असताना मी दोन भाकऱ्या एकावर एक ठेवल्या, मधोमध मोडून एक बाजू वर सरकवली आणि तिला प्रस्तरभंग दाखवला. आई म्हणाली, "दाखव, पन खाऊन दाखव."

दुसऱ्या दिवशी मी पूर्वेकडच्या हौसाकाकींच्या शेतात गेले. काकींचे मालक साखर कारखान्यात कामाला, सगळं शेत काकींच्या अंगावर. सव्वा एकरात चार वर्षांचे पेरू, पहिलाच मोठा बहार धरायचा होता. विहीर नवी, माझ्या यादीत नसलेली, अजून आतून न बांधलेली, आणि तिच्यात पाणी नव्हतं. सेहेचाळीस फूट खोल तळात काळा पाषाण, कोरडा ठणठणीत. विहीर आणखी खोल करायला काकींनी बबनरावांची यारी आणली होती. यारी म्हणजे विहिरीतली दगडमाती तारेनं वर ओढणारं यंत्र. उद्या सुरुंग लावायचा होता.

"तू ती हिरीवाली ना?" काकी म्हणाल्या. "मग सांग, अजून किती जाऊ?"

कुणी मला असं विचारलं नव्हतं. मी लिहून घेणारी, सांगणारी नव्हे. पण कालचा काप डोक्यात भरलेला होता. वडाजवळची विहीर शेजारीच, जमीन त्याच उंचीची. मी वही उघडून दाखवली. गेरू अठ्ठेचाळीस फुटांवर. म्हणजे दोन फूट राहिले. पाणी असतं तर एवढ्यात भिंत ओली झाली असती. आणि एका सुरुंगात तीन-चार फूट दगड फुटतो, म्हणजे उद्याचा सुरुंग गेरू फोडणार.

"काकी, थांबलेलं बरं," मी म्हणाले.

बबनराव विडी विझवत म्हणाले, "दोन फुटांसाठी पाषाण हातानं कोन फोडनार? पोरीचं खरं आसंल तर माझं काम संपलं. रविवारी यारी उतरवतो."

काकी विहिरीत बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "शिकल्याली पोरगी सांगती म्हंजी ऐकाया पायजे."

त्या वाक्यानं माझी छाती फुगली. हे लिहिताना मला लाज वाटते, पण फुगली. जाताना मागं वळून बघितलं तर काकी डब्यात चुना कालवत होत्या. एक ओळ सोडून दुसऱ्या ओळीच्या प्रत्येक पेरूच्या बुंध्याला त्या चुन्याची रेघ ओढत चालल्या. रेघ ओढलेली झाडं तोडायची होती. बोअरचं करंगळीएवढं पाणी अर्ध्याच झाडांना पुरणार होतं. अर्धी तोडली तर अर्धी जगतील.

शनिवारी सरांना काप दाखवला. ते उठून उभे राहिले, चष्मा पुसला, पुन्हा बसले. सर असं आनंद झाल्यावर करतात. मग त्यांनी बोट ओढ्यावर ठेवलं.

"या बाजूच्या कुणी मोजल्या?"

"मी, सर. टेपनं."

"आणि या?"

"सोपानआबांनी सांगितल्या. परसात."

"बघ बरं. सात परसांच्या विहिरीत पायरी सर्वांत लहान. नऊ परसांच्या विहिरीत सर्वांत मोठी. सुवर्णा, जमीन तुटताना विहिरीची खोली विचारून तुटते का?"

मी कापावर पट्टी लावून बघितली. तसंच होतं.

"परस म्हणजे किती फूट?"

"सहा, सर. पुरुषाची उंची."

"कोणत्या पुस्तकात आहे?"

कोणत्याच नव्हतं. ते मी ठरवलेलं होतं. सरांच्या खोलीतून बाहेर आले तेव्हा मला नकाशावरची रेघ आठवत नव्हती. बुंध्यांवरच्या चुन्याच्या रेघा दिसत होत्या. आणि उद्या रविवार होता.

सकाळी दादांच्या मागं मोटारसायकलवर बसून मी आबांच्या दारात. आबा तोंड धूत होते.

"आबा, परस म्हंजे किती?"

"किती म्हंजी? परस म्हंजी परस."

"माणसाएवढा ना? सहा फूट?"

आबांनी तांब्या खाली ठेवला. "माणूस कसा हुबा ऱ्हाईल्याला?"

"कसा म्हणजे... सरळ."

"हात खाली सोडून?" आबा हसायलाच लागले. "अगं येडे, हिरीत उतरल्यावर माणूस हात खाली सोडून हुबा ऱ्हातो व्हय? तितं काय फोटू काढायचाय? खालच्यानं मातीची पाटी दोनी हातांनी वर धरायची, वरच्यानं घ्यायची. हात वर, बोटं ताणल्याली. तितवर एक परस!"

ते उठले आणि दोन्ही हात वर करून दाखवायला गेले. पण पाठ सरळ होईना. हात कपाळाच्या वर जाईनात.

"आता माझा परस घटलाय," ते म्हणाले. "थांब. काठी हाय. ज्वानीत माझ्या मापानं तोडल्याली. तीच धरून सगळ्या हिरी मोजल्यात."

"कुठाय काठी?"

आबांनी अंगणात बोट दाखवलं. वाळत घातलेल्या लुगड्यांच्या दोरीला मध्यभागी एका बांबूच्या काठीचा टेकू होता.

मी विचार केला नाही. धावत गेले आणि काठी ओढली. दोरी बसली, चार ओली लुगडी धुळीत. आबांची सून शांतावैनी आतून धावत आल्या.

"अगं ए! कुनाची गं तू? सकाळधरनं धुनं धुतलंय म्या!"

"वैनी, परस आहे हा!"

"परस आसू दे न्हायतर पुरुस आसू दे, दोरी आधी वर कर!"

दादांनी मोटारसायकल लावून दोरी दोन्ही हातांनी वर धरली, आणि मी काठीला टेप लावला. सात फूट सहा इंच. पुन्हा लावला. सात फूट सहा इंच. आठ परस म्हणजे अठ्ठेचाळीस नव्हे, साठ फूट. काकींच्या विहिरीत गेरू दोन फुटांवर नव्हता, चौदा फुटांवर होता. पाणी आलं नव्हतं कारण अजून पाण्यापर्यंत कुणी गेलंच नव्हतं! मी अंगणात उडीच मारली. मग आठवलं की हे काकींना सांगायचंय.

काठी मी मागून घेतली. शांतावैनी म्हणाल्या, "ने बाई. पन माझी दोरी अशी किती वेळ धरतील तुझे वडील?" दादांनी दोरी खुंटीला गुंडाळली आणि आम्ही निघालो. साडेसात फुटांची काठी आडवी धरून मोटारसायकलवर बसणं काय असतं ते बावड्याच्या रस्त्यावरच्या माणसांना विचारा.

काकींच्या शेतात यारीचे बोल्ट निघत होते.

"थांबा!" मी लांबूनच ओरडले.

बबनराव पाना हातात घेऊन वळले. "मॅडम, गुरुवारी थांबा म्हनला म्हनून थांबलो. आता काय थांबायचं थांबू का?"

मी सांगितलं. परस, हात, पाटी, काठी, सगळं एका दमात. बबनराव त्यांच्या माणसाकडं बघून म्हणाले, "चार दिसांत ज्वालामुखी बारा फूट खाली गेला बग."

काकी चुन्याचा डबा धुवायला ठेवत होत्या. झाडं तोडणारा दुपारी येणार होता. त्यांनी मला एकच विचारलं.

"म्हंजी तुझं चुकलं व्हतं?"

"व्हय, काकी." मी काठी जमिनीवर टेकवली. "मी आबांना विचारायला पाहिजे होतं. मी मनानं धरलं."

"आन् आता बरोबर हाय कशावरनं?"

हा प्रश्न परीक्षेत कधी येत नाही. मी म्हणाले, "ओढ्याच्या पलीकडचा गेरू मी स्वतः मोजलाय. आबांचा गेरू या काठीनं धरला तर दोन्ही एका रेषेत येतात. पाण्याची खात्री मी देत नाही, काकी. गेरू कुठं आहे तेवढं सांगते."

काकी काठीकडं बघत होत्या. मग बबनरावांना म्हणाल्या, "बोल्ट आवळा."

"अवो वैनी, पुढचं काम—"

"हिची चूक हिनं येऊन सांगितली. तुमी मागल्या हिरीत भिंत पाडली ती अजून मातीचीच चूक म्हनताय. आवळा बोल्ट."

बबनराव पुटपुटत वळले, पण पुढची युक्ती त्यांनीच काढली. यारीची तार जमिनीवर सरळ पसरली, आणि बादलीच्या बुडापासून तिच्यावर काठी आठ वेळा ठेवून आम्ही खूण केली. काकींनी जुन्या लुगड्याची हिरवी चिंधी तिथं करकचून बांधली. बादली तळाला टेकली की चिंधी विहिरीच्या काठाच्या किती वर राहते ते बघायचं. चिंधी काठाला आली की आपण आठ परसांवर.

पहिल्या दिवशी चिंधी काठाच्या चौदा फूट वर लटकत होती. बबनराव म्हणाले, "झेंडा लावलाय."

मी तिथं रोज जायची गरज नव्हती. तरी गेले. पहिला सुरुंग झाला, दगड वर आला, चिंधी खाली सरकली. दुसरा झाला. काळा पाषाण, कोरडा. तिसऱ्यानंतर बादली छप्पन्न फुटांवर टेकली, आणि बबनराव चौथ्या सुरुंगाची तयारी करायला लागले.

"नाही," मी म्हणाले. "आता सुरुंग नको. चार फूट राहिलेत. ब्रेकरनं फोडा."

"दोन दिस जातील!"

"जाऊ देत."

हे मी म्हणाले यावर माझाच विश्वास बसेना. घरी मी भाजी कोणती करायची तेसुद्धा आईला विचारते.

ब्रेकर खाली उतरला. दुसऱ्या दिवशी दुपारी जेवणानंतर मी सवयीनं आरसा काढून कवडसा आत सोडला. पश्चिमेच्या भिंतीला, तळाच्या वीतभर वर, दगड चमकला. आधी वाटलं गारगोटी. कवडसा हलवला. चमक हलली नाही, खाली घसरली.

"काकी!"

काकी धावत आल्या. आरसा मी त्यांच्या हातात दिला. त्यांना आधी कवडसा जमेना, तो समोरच्या बाभळीवर नाचत होता. मग सापडला. दगडाच्या चिरेतून पाण्याचा एक ओघळ येत होता, आणि त्याच्या शेजारी दुसरा.

संध्याकाळपर्यंत ब्रेकरवाला घोट्याएवढ्या पाण्यात उभा होता. चिंधी काठाच्या चार इंच वर असताना त्यानं खालून हाक दिली, "लाल लागलं!"

साठ फुटांना चार इंच कमी. मला खाली जायचंच होतं. हेल्मेट घालून, पट्टा बांधून, काठी धरून मी यारीच्या बादलीत उभी राहिले. खाली जाताना थर एकेक मोजत गेले. माती, मुरूम, मांजऱ्या, पाषाण. वरचं आभाळ ताटाएवढं झालं. तळाशी पाण्यात हात घातला तर बोटांना लोण्यासारखं लागलं. मूठभर उचललं. लाल, गुळगुळीत. कोट्यवधी वर्षांत त्या जमिनीला ऊन बघायला मिळालं नव्हतं. वरून काकींनी आरशाचा कवडसा नेमका माझ्या मुठीवर पाडला, आणि मी खाली एकटीच हसत सुटले.

वर बबनराव काकींना म्हणत होते, "आता यारी हायेच, तर अजून दहा फूट मारूया. पानी डबल हुईल."

मी खालूनच ओरडले, "नाय! गेरू फोडायचा नाय!"

विहिरीत आवाज घुमतो. माझा एवढा मोठा आवाज मी पहिल्यांदाच ऐकला.

काकी वाकून म्हणाल्या, "ऐकलं का बबनराव? खालनं हुकूम आलाय."

पाणी काही धो धो आलं नाही. लोकांना गोष्टीत कारंजं हवं असतं. सकाळी विहिरीत पुरुषभर पाणी होतं, हात खाली सोडलेल्या पुरुषाएवढं. ठिबकवर सगळ्या पेरूंना ते पुरलं. चुन्याच्या रेघा काकींनी पुसल्या नाहीत. पेरूची साल आपोआप पापुद्रे होऊन सुटते. गेल्या दिवाळीपर्यंत चुना सालीबरोबर गळून गेला. एक-दोन झाडांवर अजून ठिपका आहे. मी गेले की काकी मुद्दाम त्याच झाडांचे पेरू देतात. "तुझ्या चुकीचं खा," म्हणतात.

माझा प्रस्तरभंग मात्र गेला. कॉलेजच्या चर्चासत्रात मी दोन्ही काप शेजारी शेजारी लावले, सहा फुटांचा आणि साडेसात फुटांचा. पहिल्यात जमीन तुटलेली, दुसऱ्यात सरळ. सर म्हणाले, तुटलेल्या जमिनीपेक्षा हे महत्त्वाचं आहे. मला ते पटतं. पण खोटं कशाला लिहू, ती रेघ मला अजून हवी होती. आता वहीत फूट आणि मीटरच्या शेजारी मी तिसरा रकाना आखला आहे: 'कुणी सांगितलं, कुठल्या मापानं.'

ज्या दिवशी गेरू लागला, त्याच्या दुसऱ्या दिवशी मी काठी परत द्यायला गेले. आबा खाटेवरच होते.

"किती परसांवर लागला?"

"साठ फुटांना चार इंच—"

"फूट न्हाय. परस सांग."

"आठ, आबा."

"मग म्या काय सांगितल्यालं?" ते म्हणाले. काठी हातात घेऊन त्यांनी तिचं टोक जवळ धरलं. विहिरीतला लाल चिखल त्यावर वाळलेला होता. त्यांनी नखानं जरासा खरवडला, जिभेला लावला, आणि जीभ टाळूला चिकटते का ते बघत डोळे मिटून बसले. खरा गेरू जिभेला चिकटतो; सरही आम्हाला वर्गात असंच ओळखायला शिकवतात.

आबांनी डोळे उघडले. "गेरूच हाय," ते म्हणाले, आणि काठी माझ्याकडं पुढं केली. "आता जा, दोरीखाली लाव. शांता कवाधरनं लुगडी हातात घिऊन हुबी हाय."